त्या हातवारेवाल्या आजोबांचं काय करायचं?

"ताई,

मी वसईची. अनुदानित शाळेत १७ वर्षं इतिहास शिकवतेय, आठवी ते दहावी. दोन वर्षांपूर्वी रविवारी किल्ल्यात जाऊन छोटे व्हिडिओ करायला लागले. भाचा मोबाइल धरतो, मी बोलते. गंमत म्हणून सुरू केलं होतं, पण दर्या दरवाजावरचा एक व्हिडिओ लाखाच्या वर लोकांनी बघितला. आता एक निर्मिती संस्था २६ भागांची मालिका करू म्हणतेय. अट एकच, पूर्ण वेळ द्यायचा. म्हणजे नोकरी सोडायची. घरी म्हणतात, वेडी झालीस का?

त्यात एका निवृत्त प्राध्यापकांनी फोन करून मला झापलं. चिमाजी अप्पांनी 'किल्ला हाती येत नसेल तर माझं मस्तक तरी तोफेच्या तोंडी देऊन आत टाका' म्हटल्याची गोष्ट मी रंगवून सांगितली होती. ते म्हणाले, 'पुरावा काय? वर्गात मुलांना गोष्टी सांगा, इतिहासाच्या नावाखाली लोकांना सांगू नका.' त्यानंतर दोन रविवार मी किल्ल्याकडे फिरकले नाही.

शेवटचं, आणि हे मला जास्त छळतंय. किल्ल्यातल्या एका कबरीवरच्या अक्षरांचा अर्थ शोधताना पोर्तुगालच्या सरकारी टीव्हीच्या संग्रहात एक म्हातारे गृहस्थ सापडले, होजे हर्मानो सराइव्हा. भाषा कळत नाही, तरी रात्री एक-एक वाजेपर्यंत बघत बसते. वाटलं, आपल्याला हेच करायचंय. लिस्बनला मावसभाऊ असतो, त्याला कौतुकाने सांगितलं, तर म्हणाला, 'अगं, तो हुकूमशहा सालाझारचा मंत्री! त्याचं काय बघतेस?' तेव्हापासून बघताना चोरी केल्यासारखं वाटतं.

सोबत कबरीचा फोटो जोडलाय. त्यावरच्या ओळीत एच आणि ई अशी दोनच अक्षरं सुटी कोरली आहेत. तुम्हाला पोर्तुगीज येतं असं तुमच्या सदरात वाचलं होतं, म्हणून विचारते.

— दर्या दरवाजाजवळची, वसई"

बाई,

नोकरीचा प्रश्न तुम्ही पहिला लिहिलात, पण जीव त्या म्हाताऱ्यात अडकलाय, ते दिसतंय. तिथूनच सुरू करते. नोकरीचं उत्तर वाटेत मिळेल.

आधी नाव. होजे म्हटलं की स्पॅनिश झालं. पोर्तुगीजमध्ये जुझे. आणि हर्मानोतला ह मुका, त्यामुळे एर्मानु. जुझे एर्मानु साराइव्हा. हा मुका ह लक्षात ठेवा, तुमच्या फोटोपाशी लागणार आहे.

मी पणजीला जुने कागद वाचण्यापुरतं पोर्तुगीज शिकत होते तेव्हा आमच्या बाईंनी याच आजोबांचे भाग लावले होते. कारण साधं होतं: इतकं स्पष्ट, सावकाश आणि सुटं पोर्तुगीज बोलणारा दुसरा कुणी नव्हता. भाषा राहिली बाजूला, मी हातच बघत बसायचे. कोट-टाय घातलेला, ऐंशी ओलांडलेला माणूस कुठल्याशा गावातल्या पडक्या भिंतीशी उभा आहे. हात आधी वर जातो, वाक्य मागून येतं. बोटं जुळतात, सुटतात, हवेत एखादा राजा उभा करतात आणि तळहात उलटा करून त्याला खाली बसवतात. मग क्षणभर गप्प. त्या गप्प बसण्यात बघणारा पुढे सरकतो. तुम्हाला भाषा न कळताही खिळवून ठेवलं ते याच गप्प बसण्याने.

आता हा माणूस तिथे उभा राहिला कसा, ते ऐका. जन्म १९१९ चा, लैरिया गावचा. इतिहास-तत्त्वज्ञानाची पदवी, पाठोपाठ कायद्याची. माध्यमिक शाळेत शिकवलं, वकिली केली, सालाझारच्या राजवटीतल्या संसदेत बसले आणि १९६८ च्या ऑगस्टमध्ये शिक्षणमंत्री झाले. सालाझार महिन्याभरात आजारपणाने बाजूला झाला, त्याच्या जागी पंतप्रधान म्हणून कायतानु आला, साराइव्हा खुर्चीवर राहिले. तेव्हा तुमच्या मावसभावाने खोटं काहीच सांगितलेलं नाही. उलट थोडं कमीच सांगितलंय.

१७ एप्रिल १९६९. कुइंब्रा विद्यापीठात गणिताच्या नव्या इमारतीचं उद्घाटन होतं. राष्ट्राध्यक्ष आले होते, शिक्षणमंत्रीही होते. विद्यार्थी संघटनेचा अध्यक्ष अल्बेर्तु मार्तिन्श उभा राहिला आणि त्याने बोलायची परवानगी मागितली. मिळाली नाही. त्याच रात्री पोलिसांनी त्याला उचललं. मग वर्गांवर बहिष्कार, परीक्षांवर बहिष्कार, काळ्या झग्यांतली मुलं रस्त्यावर. एप्रिल संपता संपता साराइव्हा टीव्हीवर आले आणि विद्यापीठात शिस्त आणली जाईल असं त्यांनी देशाला बजावलं. बंडखोर मुलांतल्या कित्येकांना सक्तीने सैन्यात भरती केलं गेलं, आणि तेव्हा सैन्य म्हणजे आफ्रिकेतली वसाहतींची लढाई. जूनमध्ये कुइंब्राचा फुटबॉल संघ राष्ट्रीय चषकाच्या अंतिम सामन्यात बेनफिकाशी खेळला. मैदान विद्यार्थ्यांच्या फलकांनी भरलं होतं. सरकारी टीव्हीने तो सामना दाखवलाच नाही. आणि त्याच सरकारी टीव्हीवर पुढे आपले आजोबा चार दशकं घरोघरी पोचले.

यात आपला एक धागा आहे, तो तुम्हाला ठाऊक असायला हवा. साराइव्हा मंत्री झाले त्या सुमारास लिस्बनजवळच्या काशियसच्या तुरुंगात मोहन रानडे होते. हा सांगलीचा माणूस गोव्यात सावई-वेरेंला शिक्षक म्हणून गेला, मुक्तिसंग्रामात उतरला, १९५५ ला पकडला गेला. गोवा १९६१ ला सुटला. रानडे सुटले १९६९ च्या जानेवारीत. साराइव्हांकडे शिक्षणखातं होतं, तुरुंगाशी त्यांचा संबंध नव्हता, हे खरं. पण मंत्रिमंडळाचं टेबल तेच होतं. हे कळल्यावर तुम्हाला ते भाग बघवले नाहीत तर मी तुम्हाला नाजूक म्हणणार नाही.

पुढचं थोडक्यात. १९७० च्या जानेवारीत मंत्रिपद गेलं. १९७२ ला ब्राझीलला राजदूत म्हणून रवाना. १९७४ च्या एप्रिलमध्ये क्रांती झाली, राजवट कोसळली, राजदूतपदही गेलं. वय ५४. आपल्याकडे अशा माणसाने गावी जाऊन नारळ मोजले असते. यांनी १९७८ मध्ये पोर्तुगालचा एका खंडात मावणारा संक्षिप्त इतिहास लिहिला. तो इतका खपला की पुढच्या पिढीच्या घराघरात तो असायचाच. टीव्ही त्यांनी सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीलाच 'काळ आणि आत्मा' अशा अर्थाच्या नावाच्या मालिकेने चाखला होता, तिकडे ते परतले. आणि ज्या मालिका तुम्ही रात्री बघताय त्या कधीच्या? 'स्मृतीची क्षितिजं' नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धातली, तेव्हा ते पंचाहत्तरी ओलांडलेले. 'आत्मा आणि माणसं' २००३ नंतरची. नव्वदीला टेकले तरी गावोगाव उभे राहून बोलत होते. २०१२ ला पाल्मेलाला गेले, वय ९२.

त्यांचा थोरला भाऊ आंतोनिउ जुझे साराइव्हा. तोही विद्वान, साहित्याचा इतिहासकार. तो कम्युनिस्ट. राजवटीने त्याला तुरुंग दाखवला, शिकवण्याची नोकरी काढून घेतली, शेवटी तो देश सोडून फ्रान्सला गेला. एका आईचे दोन मुलगे, एक मंत्रिमंडळात, दुसरा परागंदा. मी हे सांगतेय ते अशासाठी की 'त्या काळात सगळेच तसे होते' असं कुणी तुम्हाला म्हणालं तर ते खोटं आहे. तसे नसलेले त्यांच्याच घरात होते. साराइव्हांनी म्हातारपणीही सालाझारबद्दल बरं बोलणं सोडलं नाही, पश्चात्ताप वगैरे काही दिसत नाही.

मग बघायचं की नाही? बघा. पण भक्त म्हणून नको, शिकाऊ म्हणून. आमच्या आजीने एका तिरसट, कंजूष, माणसं तोडणाऱ्या बाईकडून पुरणपोळी शिकली. पोळी त्या बाईची, तोंड आजीचं. तुम्हाला या माणसाकडून घेण्यासारख्या दोन गोष्टी आहेत. एक, जागेवर जाणं. लिस्बनच्या खोलीत बसून नकाशा दाखवणं सोपं होतं, ते त्या-त्या गावात जाऊन त्या दगडापाशी उभे राहत. लोकांना आपल्या गावची वेस, आपला पूल, आपली पडकी मठी टीव्हीवर दिसली आणि तिला मोल आहे असं कुणीतरी कोट घालून सांगितलं. ही लहान गोष्ट नाही. दुसरी, मोठ्या राजापेक्षा छोट्या वस्तूपासून सुरुवात करणं. हे तर तुम्ही आधीच करताय. दर्या दरवाजाच्या व्हिडिओत तुम्ही लाकडी दारावरच्या लोखंडी खिळ्यांवर हात ठेवून सुरुवात केलीत, चिमाजी अप्पा पाचव्या मिनिटाला आले. म्हणून तो लाखावर गेला, दरवाजा सुंदर आहे म्हणून नव्हे.

घेऊ नये अशी एक गोष्ट आहे, आणि इथे तुमचे प्राध्यापक येतात. साराइव्हा कधी अडखळत नाहीत. दंतकथा असो, अंदाज असो, कागदात लिहिलेलं असो, तिन्ही एकाच ठाम सुरात. विद्यापीठातले इतिहासकार त्यांच्यावर वैतागायचे ते यावरूनच. त्यात थोडी असूया असेलही, एवढे प्रेक्षक कुठल्या प्राध्यापकाला मिळतात? पण तक्रार खरी होती. प्रेक्षकाला कळतच नाही की आता हा माणूस वाचलेलं सांगतोय की रचलेलं. मला तर शंका आहे की बजावायची सवय मंत्रालयात लागते आणि मग जात नाही. ही माझी शंका आहे, पुरावा मागू नका.

त्याच टीव्हीवर त्याच काळात दुसरे एक गृहस्थ होते, अझोर्स बेटांवरचे कवी आणि लिस्बनचे प्राध्यापक व्हितोरीनु नेमेझियु. १९६९ ला त्यांचा कार्यक्रम सुरू झाला. समोर बसायचे आणि बोलत सुटायचे. एका आठवणीतून दुसरी, ओव्यांतून बोटी, बोटींतून व्याकरण. कार्यक्रमाचं नाव काय, तर 'से बें मे लेंब्रु'. मला नीट आठवत असेल तर! अख्खी प्रांजळ माघार नावातच घेऊन टाकली, आता चुकलं तरी माणूस खोटा ठरत नाही.

आपल्या भाषेत तर हे काम दोन अक्षरांत होतं, बाई. 'म्हणे.' चिमाजी अप्पा म्हणाले, माझं मस्तक तोफेच्या तोंडी द्या: हा झाला दावा. अप्पा म्हणे असं म्हणाले: ही झाली गोष्ट, आणि गोष्टीची रंगत तसूभर कमी झालेली नाही. उलट आता तुम्हाला पुढचं वाक्य मिळालं. ही गोष्ट पिढ्यान्‌पिढ्या का सांगितली गेली असेल? वेढा किती रेंगाळला, माणसं किती पडली, सुरुंग कसे फसले, धीर कसा सुटत आला? १७३९ च्या मे महिन्यातले शेवटचे दिवस त्या एका वाक्यात लोकांनी जपून ठेवलेत. तुम्ही गोष्ट टाकू नका. ती कुठून आली ते दाखवा.

आणि त्या प्राध्यापकांना उलट फोन करा. रागावून नको, माफी मागायलाही नको. एवढंच विचारा: वसई मोहिमेची पत्रं वाचायची आहेत, कुठून सुरू करू? ते बहुतेक पेशवे दफ्तराचं नाव घेतील. सरदेसायांनी छापलेल्या निवडींत या मोहिमेची पत्रं आहेत, मोडीतून देवनागरीत आणलेली, तेव्हा लिपीची भीती नाही. निवृत्त माणसाने फोन उचलून एका शाळेतल्या बाईंना झापलं याचा अर्थ त्याने तुमचा व्हिडिओ शेवटपर्यंत बघितला होता. अशा माणसाला बहुतेक वेळा कुणी काही विचारत नाही, एवढंच त्याचं दुखणं असतं. कदाचित पुढच्या रविवारी ते काठी टेकत किल्ल्यात येतीलही. आले तर त्यांच्यावर कॅमेरा लावा आणि तुम्ही प्रश्न विचारा. जुना व्हिडिओ काढून टाकू नका, खाली दुरुस्ती लिहा आणि एक नवा करा.

मी हे शहाणपण फुकट मिळवलेलं नाही. फार वर्षांपूर्वी एका वाहिनीसाठी बारवांवरच्या मालिकेचं लेखन करत होते. दिवसाला तीन भागांचं चित्रीकरण, रात्री मी पुढचे तीन लिहायचे. एका बारवेचा काळ मी चक्क शंभर वर्षांनी चुकवला. शिलालेख तिथेच भिंतीत होता, वाचायला वेळ नव्हता. प्रसारण झालं, दुरुस्ती कुणाला हवी होती? आजही तो तुकडा दर पावसाळ्यात कुणीतरी मला अभिमानाने पाठवतं.

त्यामुळे नोकरीबद्दल. सोडू नका. निदान आत्ता नको. तुमच्या पत्रात पैशाचा आकडा आहे, तो मी इथे छापत नाही, पण एका भागासाठी वाचायला किती दिवस मिळणार याचा आकडा कुठेच नाही. मला त्याचीच काळजी वाटते. आज तुम्ही एका व्हिडिओसाठी आठवडा घेता आणि पोट त्यावर नाही, म्हणून तुम्हाला 'मला हे माहीत नाही' म्हणता येतं. २६ भागांचा करार झाला की ते म्हणता येत नाही. संस्थेला विचारा: उन्हाळी सुट्टीत आणि दिवाळीत मिळून आठ भाग करायचे का? हो म्हणाले तर शाळेकडून लेखी परवानगी घ्या आणि करा. ते जमलं, आवडलं, तर पुढच्या वर्षी बिनपगारी रजेचा अर्ज. नाही म्हणाले, तर त्यांना तुम्ही नको आहात, तुमचा लाखाचा आकडा हवा आहे. घाई त्यांना आहे. तुम्हाला कसली? साराइव्हांच्या तुम्ही बघताय त्या मालिका पंचाहत्तरीनंतरच्या, तुमचं वय तर अजून पन्नाशीतही नसेल.

करारात दोन वाक्यं मात्र हवीतच. संहितेवर शेवटचा शब्द तुमचा, आणि चूक निघाली तर ती प्रसारणानंतरही सुधारायची. शिवाय किल्ला पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहे. भाच्याच्या मोबाइलची गोष्ट वेगळी, मोठा कॅमेरा आणि तिपाई आली की परवानगी लागते. ती काढण्याचं काम संस्थेचं, हेही लिहून घ्या, नाहीतर शनिवारभर कचेऱ्यांत तुम्हीच उभ्या राहाल.

आता फोटो. तुमची एच आणि ई ही दोन अक्षरं म्हणजे जुन्या वळणाचं लिहिणं. ह मुका, म्हणून उच्चार फक्त 'ए', अर्थ 'आहे'. आजच्या पोर्तुगीजमध्ये तो ह गळून गेला. त्याच्या आधीचे दोन शब्द 'एस्ता सेपुल्तुरा', ही कबर. म्हणजे ओळ अशी: ही कबर अमक्याची आहे. शेवटी जे 'एर्देइरुश'सारखं दिसतंय ते वारस. त्या काळच्या कबरींवर असंच लिहीत, ही जागा अमक्याची आणि त्याच्या वारसांची, जसा आपल्याकडे सातबारा.

मधलं नाव मला लागत नाही. फोटो दुपारचा आहे, डोक्यावरचं ऊन अक्षरं खाऊन टाकतं. खडू किंवा पीठ चोळून अक्षरं उठवू नका, दगड खराब होतो. सकाळी सात-साडेसातला जा, ऊन तिरपं असताना, आणि भाच्याला म्हणावं मोबाइल जमिनीलगत धर. तीन बाजूंनी तीन फोटो काढा आणि पाठवा. प्राध्यापकांनाही पाठवा, बघू कुणाला आधी लागतं ते.